नफा कसा झाला ते विचारा: सीएसआर, ईएसजी आणि उसाचा फड

सीएसआर म्हटलं की आपल्यासमोर ठरलेली चित्रं येतात. झेडपीच्या शाळेला दिलेले बेंच आणि त्यावर कंपनीचं नाव, गावातला आरओ फिल्टर, जूनमधलं वृक्षारोपण. यात वाईट काही नाही, शाळेला बेंच मिळाले तर पोरं जमिनीवर बसत नाहीत, एवढा फायदा तर नक्कीच आहे. पण कंपनीची सामाजिक जबाबदारी म्हणजे एवढंच असं बऱ्याच जणांच्या डोक्यात पक्कं बसलंय आणि त्यामुळे मुख्य प्रश्न बाजूलाच राहतो. कायद्याने नफ्यातले जे दोन टक्के सामाजिक कामाला द्यायचे ते कुठे वाटले हा छोटा प्रश्न झाला. मुळात तो सगळा नफा कोणाच्या मेहनतीवर झाला, कोणाचं पाणी वापरून झाला, कोणाच्या तब्येतीची किंमत देऊन झाला हा मोठा प्रश्न आहे. जबाबदार गुंतवणूक, ईएसजी वगैरे जे शब्द हल्ली सारखे कानावर पडतात ते याच मोठ्या प्रश्नाभोवतीचे आहेत, आणि हे नीट सांगावंसं वाटलं कारण हा विषय फक्त मुंबईतल्या फंड मॅनेजर लोकांचा नाहीये, ज्याची एसआयपी (म्युच्युअल फंडातला दरमहाचा हप्ता) चालू आहे किंवा ज्याचा पीएफ कापला जातो त्या प्रत्येकाचा आहे.

आधी दोन टक्क्यांचं उरकून घेऊ. कंपनी कायदा २०१३ चं कलम १३५, लागू झालं १ एप्रिल २०१४ पासून. आदल्या आर्थिक वर्षात कंपनीची नेटवर्थ (देणी वजा जाता उरणारी मालमत्ता) ५०० कोटी, किंवा उलाढाल १००० कोटी, किंवा निव्वळ नफा ५ कोटी, यातली एक जरी मर्यादा गाठली तरी मागच्या तीन वर्षांच्या सरासरी नफ्याच्या किमान २ टक्के रक्कम सामाजिक कामावर खर्च करायची. सुरुवातीला खर्च केला नाही तर फक्त कारण लिहून भागायचं. जानेवारी २०२१ पासून मात्र उरलेली रक्कम ठरवून दिलेल्या सरकारी फंडात भरावी लागते, प्रकल्प चालू असेल तर वेगळ्या बँक खात्यात ठेवून तीन वर्षांत खर्चावी लागते, आणि हे केलं नाही तर दंड बसतो. २०२२-२३ साली देशभरात सीएसआरचा खर्च जवळपास ३० हजार कोटी झाला आणि राज्यांमध्ये सगळ्यात जास्त पैसा महाराष्ट्रात आला.

आता यातला एक नियम लक्षात घ्या, तो फारसा कोणी सांगत नाही. कंपनीच्या रोजच्या धंद्याचा भाग असलेलं काम सीएसआर म्हणून मोजता येत नाही, आणि फक्त स्वतःच्या कर्मचाऱ्यांसाठी केलेला खर्चही मोजता येत नाही. म्हणजे कारखान्याचं सांडपाणी नीट शुद्ध केलं, कंत्राटी कामगाराला चांगली मजुरी दिली, तर ते सीएसआरमध्ये धरलं जाणार नाही. नियम बरोबरच आहे, नाहीतर कँटीनचं बिलसुद्धा त्यात टाकलं गेलं असतं. पण याचा अर्थ असा होतो की सीएसआरचा आकडा बघून ती कंपनी आपल्या कामगाराशी आणि शेजारच्या नदीशी कशी वागते हे तुम्हाला कळूच शकत नाही. एखादी कंपनी दहा कोटींची शाळा बांधते आणि तिच्याच गेटबाहेरच्या ओढ्याला फेस येतो, या दोन्ही गोष्टी एकाच वेळी आणि कायद्याने वेगवेगळ्या रकान्यात राहू शकतात.

खरं तर धंदा कसा चालवायचा याची जबाबदारी ही कल्पना आपल्याला नवीन नाही. मुंबईच्या गिरण्यांमध्ये आठवड्याची सुट्टी नव्हती तेव्हा नारायण मेघाजी लोखंड्यांनी १८८४ पासून गिरणी कामगारांना एकत्र करून मागणी लावून धरली आणि १० जून १८९० ला रविवारची सुट्टी मिळाली. दुसऱ्या बाजूने, जमशेदपूरच्या टाटांच्या पोलाद कारखान्यात १९१२ साली आठ तासांचा दिवस सुरू झाला, तेव्हा तसा कायदाही नव्हता. एका ठिकाणी कामगारांनी भांडून घेतलं, दुसऱ्या ठिकाणी मालकाने आपणहून दिलं, पण दोन्हीकडे बदल झाला तो कामाच्या जागेवर.

आता ईएसजी. ई म्हणजे पर्यावरण, एस म्हणजे समाज (यात कामगार, गाव, ग्राहक सगळे आले) आणि जी म्हणजे कंपनीचा कारभार, म्हणजे संचालक मंडळ कसं आहे, हिशोब खरे आहेत का, लाच देतात का. हा शब्द २००४ च्या आसपास संयुक्त राष्ट्रांच्या पुढाकाराने निघालेल्या एका अहवालातून रुळला आणि एप्रिल २००६ मध्ये कोफी अन्नान यांनी न्यूयॉर्क स्टॉक एक्स्चेंजमध्ये जबाबदार गुंतवणुकीची सहा तत्त्वं जाहीर केली. कल्पना साधी होती. सरकार कायदा करतं, कामगार आणि गावकरी भांडतात, ते तर चालू राहीलच, पण ज्यांचा पैसा त्या कंपनीत आहे त्यांनीही प्रश्न विचारायचे. कारण शेअर म्हणजे मालकीचा तुकडा असतो, आणि मालकाला विचारायचा हक्क असतो.

इथे बरेच जण म्हणतात की आपण कुठले मालक, आपली महिन्याला दोन हजारांची एसआयपी. पण बघा ना, तुमच्यासारख्या लाखो लोकांचे दोन-दोन हजार मिळूनच तो फंड मोठा होतो आणि मोठ्या कंपन्यांमध्ये त्याचा भरपूर वाटा असतो. एसआयपी नसेल तरी पीएफ सांभाळणारी सरकारी संस्था ईपीएफओ ऑगस्ट २०१५ पासून ईटीएफच्या (शेअरसारख्या विकत घेता येणाऱ्या फंडांच्या) मार्गाने शेअर बाजारात पैसे गुंतवते, म्हणजे पीएफवाला माणूस नकळत का होईना कंपन्यांचा भागीदार आहेच. आणि शेअर बाजारावर देखरेख करणाऱ्या सेबीच्या नियमाप्रमाणे एप्रिल २०२२ पासून म्युच्युअल फंडांना आपल्याकडे शेअर असलेल्या कंपन्यांच्या सगळ्या ठरावांवर मत देणं बंधनकारक आहे. कोणत्या ठरावावर हो म्हटलं, कोणत्यावर नाही आणि का, हे फंडाच्या वेबसाइटवर दर तिमाहीला टाकावं लागतं. फंड हाऊसच्या साइटवर व्होटिंग किंवा स्टुअर्डशिप असं काहीतरी शोधलं की एक्सेल शीट मिळते. ती कोणी उघडत नाही, पण तुमच्या पैशाच्या नावाने काय बोललं गेलं ते तिथे सगळं लिहिलेलं असतं.

पैसेवाल्याने विचारायचं म्हणजे नेमकं काय करायचं, तर ढोबळमानाने दोन रस्ते. एक, नको असलेली कंपनी विकून बाहेर पडायचं. दोन, आत राहून भांडायचं, म्हणजे पत्रं लिहायची, मॅनेजमेंटला भेटायचं, ठरावावर विरोधात मत द्यायचं. मधले प्रकारही आहेत, जसं प्रत्येक क्षेत्रातल्या त्यातल्या त्यात बऱ्या कंपन्या निवडणं किंवा ज्या कंपन्या घाणेरड्या तंत्रातून स्वच्छ तंत्राकडे जातायत त्यांना पैसा देणं. सेबीने जुलै २०२३ मध्ये ईएसजी म्युच्युअल फंडांसाठी असे सहा प्रकार ठरवून दिले आणि फंडाने जो प्रकार नावात सांगितलाय त्यात किमान ८० टक्के पैसा असलाच पाहिजे असा नियम केला. त्याआधी नावात ईएसजी लावून आत जवळपास नेहमीचेच शेअर ठेवायला मोकळीक होती.

बाहेर पडायच्या रस्त्याचं उदाहरण आपल्याच देशातलं आहे. नॉर्वेच्या सरकारी तेलाच्या पैशाचा प्रचंड मोठा फंड आहे, जगभरातल्या लिस्टेड कंपन्यांमध्ये सरासरी दीड टक्का मालकी त्यांची आहे, आणि त्यांनी एक नैतिकता मंडळ नेमलंय. २००७ साली त्या मंडळाच्या सल्ल्यावरून फंडाने लंडनला लिस्ट असलेली वेदांता रिसोर्सेस ही कंपनी यादीतून काढून टाकली, कारण दिलं भारतातलं पर्यावरणाचं नुकसान आणि मानवी हक्कांचं उल्लंघन. कंपनीने आरोप नाकारले. मग ओडिशातल्या नियमगिरी डोंगरावर बॉक्साइटची खाण करायचा विषय पेटला, तो डोंगर म्हणजे डोंगरिया कोंध आदिवासींचा देव, आणि फेब्रुवारी २०१० मध्ये चर्च ऑफ इंग्लंडनेही आपले शेअर विकले. जगभर बातम्या झाल्या. पण खाण थांबली ती कशामुळे? ऑगस्ट २०१० मध्ये पर्यावरण मंत्रालयाने परवानगी नाकारली, १८ एप्रिल २०१३ ला सुप्रीम कोर्टाने सांगितलं की ग्रामसभांना विचारा, आणि त्या वर्षी बाराच्या बारा ग्रामसभांनी नाही म्हटलं. माझं मत असं की गुंतवणूकदारांच्या बाहेर पडण्याने आवाज लांबवर गेला, पण निर्णय लागला तो वनहक्क कायद्यामुळे आणि डोंगरावर ठाम उभ्या राहिलेल्या माणसांमुळे. पैशाचा दबाव हा मदतीला येतो, तो कायद्याची जागा घेऊ शकत नाही, हे ईएसजीबद्दल फार भारावून बोलणाऱ्यांनी लक्षात ठेवलं पाहिजे. कोकणातल्या लोकांना वेदांता समूहाच्याच स्टरलाइटचा तांब्याचा प्रकल्प आठवत असेल, तो आधी रत्नागिरीत होणार होता, १९९३ साली लोकांनी विरोध केला आणि तो तामिळनाडूत थुथुकुडीला गेला. तिथे मे २०१८ मध्ये प्रकल्पाविरोधातल्या आंदोलनावर पोलिसांनी गोळीबार केला आणि १३ माणसं मेली. एका ठिकाणाहून प्रकल्प गेला म्हणून प्रश्न सुटत नाही, तो दुसऱ्या कोणाच्या तरी दारात जातो.

आत राहून भांडायचं तर आधी माहिती पाहिजे. त्यासाठी आपल्याकडे बीआरएसआर नावाचा अहवाल आहे, कंपनी कामगार, समाज आणि पर्यावरणाशी कशी वागते ते सांगणारा. सेबीने मे २०२१ मध्ये तो आणला आणि २०२२-२३ पासून बाजारमूल्याने पहिल्या १००० लिस्टेड कंपन्यांना तो सक्तीचा आहे. वार्षिक अहवालाच्या पीडीएफमध्ये मागच्या बाजूला असतो, बहुतेक लोक ताळेबंदापर्यंतच जातात आणि थांबतात. एकदा उघडून बघाच. पर्मनंट कामगार किती, कंत्राटी किती, त्यात बायका किती, किती जणांना आरोग्य विमा, पुरुषांचा मध्यम पगार किती आणि बायकांचा किती, कामावर किती लोक दगावले, लैंगिक छळाच्या तक्रारी किती आल्या, पाणी कुठून किती उपसलं, कचरा किती झाला, सगळं तक्त्यात असतं. कार्बनचे तीन स्कोप असतात. पहिला म्हणजे कंपनीच्या स्वतःच्या बॉयलरचा, गाड्यांचा धूर. दुसरा विकत घेतलेल्या विजेचा. तिसरा म्हणजे बाकी सगळं, कच्चा माल बनवताना आणि विकलेली वस्तू वापरताना होणारा. पुढे २०२३ मध्ये यातल्या महत्त्वाच्या आकड्यांची बाहेरच्या माणसाकडून तपासणी करून घ्यायचा नियमही टप्प्याटप्प्याने सुरू झाला, पहिल्या १५० कंपन्यांपासून. एकूण प्रयत्न चांगला आहे, मी याला नावं ठेवणार नाही, दहा वर्षांपूर्वी यातली निम्मी माहितीसुद्धा मिळत नव्हती.

पण या अहवालाची नजर कुठपर्यंत पोचते ते बघायचं असेल तर उसाच्या फडात जावं लागेल, आणि इथे मी जरा थांबणार आहे.

दिवाळीच्या आगेमागे बीड, जालना, परभणी, नगर या भागातून लाखो माणसं पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात ऊस तोडायला जातात. जायच्या आधी मुकादमाकडून (टोळी जमवणाऱ्या ठेकेदाराकडून) उचल, म्हणजे आगाऊ पैसे, घेतलेली असते, ती पावसाळ्यातच घरात, दवाखान्यात, लग्नात खर्च झालेली असते, आणि हंगामभर ऊस तोडून ती फेडायची. नवरा-बायको मिळून एक कोयता धरला जातो. मजुरी टनावर, हिशोब कोयत्याचा, पैसे मुकादमामार्फत आणि बहुतेक वेळा नवऱ्याच्या हातात. म्हणजे जी बाई पहाटे तीनला उठून कोपीसमोर (तात्पुरत्या झोपडीसमोर) चूल पेटवते, भाकरी बांधून अंधारात फडावर जाते, दिवसभर पाचट काढते, वाढ्याने मोळ्या बांधते आणि त्या डोक्यावर घेऊन फळीवरून ट्रॉलीवर चढते, तिच्या स्वतःच्या नावाने कुठे मजुरीची नोंदच नाही. रात्री गाडी आली तर रात्री भरायची. एक दिवस दांडी मारली तर खाडा, म्हणजे मजुरी तर गेलीच आणि वर दंड.

याचं शरीरावर काय होतं ते सरकारी कागदावर आहे. २०१९ मध्ये राज्य सरकारने नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. बीड जिल्ह्यात ऊस तोडणाऱ्या ८२,३०९ बायकांची पाहणी झाली आणि त्यातल्या १३,८६१ जणींची गर्भपिशवी काढलेली होती. म्हणजे साधारण दर सहा जणींमागे एक. त्याच सुमाराच्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशात १५ ते ४९ वयाच्या बायकांमध्ये हे प्रमाण ३ टक्क्यांच्या आसपास होतं. कारणं एकात एक अडकलेली आहेत. लहान वयात लग्न, लवकर बाळंतपणं, फडावर ना संडास ना पुरेसं पाणी, त्यातून इन्फेक्शन, अंगावरून पांढरं जाणं, मग खाजगी दवाखान्यात कोणीतरी कॅन्सरची भीती घालतं, आणि पाळीचे दिवस आले की खाडा पडतो ही काळजी तर असतेच. ऑपरेशनचे पैसेही परत उचलीतूनच येतात, म्हणजे पुढच्या हंगामाला जाणं भागच.

आता ही साखर जाते कुठे? घरात जाते तशीच कोल्ड्रिंक, बिस्किटं, मिठाई, चॉकलेट बनवणाऱ्या मोठ्या कंपन्यांकडे जाते, आणि उसापासूनचं इथेनॉल तेल कंपन्यांकडे जातं. मार्च २०२४ मध्ये न्यूयॉर्क टाइम्स आणि फुलर प्रोजेक्ट ही वृत्तसंस्था यांनी महाराष्ट्रातल्या ऊसतोडीवर मोठा शोधलेख छापला आणि कोका-कोला आणि पेप्सिकोच्या साखरपुरवठ्याचा धागा थेट या फडांपर्यंत नेऊन दाखवला. गंमत नाही, दुःखाची गोष्ट अशी की कोका-कोलाने २०१३ सालीच ऑक्सफॅम या स्वयंसेवी संस्थेच्या मोहिमेनंतर ऊस पिकवणाऱ्या महत्त्वाच्या देशांत आपल्या पुरवठ्याची तपासणी करू असं जाहीर केलं होतं आणि त्या देशांत भारतही होता. वचन दिलं, अहवाल निघाले, आणि फडावरची बाई तिथेच राहिली.

का राहिली हे समजून घ्यायचं तर साखळी बघा. बाटलीवर ज्या कंपनीचं नाव आहे ती म्हणते साखर आमचा बॉटलर, म्हणजे पेय बनवून बाटल्या भरणारा, घेतो. बॉटलर म्हणतो आम्ही कारखान्याकडून रीतसर घेतो. कारखाना म्हणतो तोडणी-वाहतुकीचा करार ठेकेदाराशी आहे, आणि तसंही तोडणीचा खर्च शेतकऱ्याच्या बिलातून कापला जातो, तेव्हा ते कामगार आमचे कसे. शेतकऱ्याला विचाराल तर तो टोळी कधी येणार म्हणून स्वतःच हैराण असतो, वरून एंट्रीचे पैसे वेगळे द्यावे लागतात. ट्रॅक्टरवाल्याने मुकादमाला लाखोंची उचल दिलेली असते आणि कधीकधी मुकादमच ती घेऊन गायब होतो, तेव्हा तोही बुडतो. सगळ्यात खाली ते दोघं नवरा-बायको. प्रत्येक पायरीवर करार आहे आणि प्रत्येक करारात जबाबदारी खालच्यावर ढकललेली आहे.

आणि वर सांगितलेली सगळी यंत्रणा या साखळीला कशी लागू पडते बघा. सहकारी साखर कारखाना सहकार कायद्याखाली नोंदवलेला, म्हणजे कंपनी कायद्याचं सीएसआरचं कलम त्याला लागू नाही. शेअर बाजारात तो लिस्टेड नाही, म्हणजे बीआरएसआर नाही. मग राहते ती साखर घेणारी मोठी कंपनी. तिच्या बीआरएसआरमध्ये पुरवठादारांपैकी किती टक्क्यांची बालमजुरी, वेठबिगारी, मजुरी या मुद्द्यांवर तपासणी केली असा प्रश्न आहे खरा, पण तो ऐच्छिक भागात आहे, रिकामा सोडला तरी नियम मोडत नाही. पुरवठा साखळीची वेगळी माहिती देण्याचा नियमही सेबीने पुढे ढकलून ऐच्छिक केला, आणि त्यातही ज्याच्याकडून एकूण खरेदीच्या २ टक्के किंवा जास्त माल येतो तेवढाच पुरवठादार धरायचा. पंचवीस-तीस कारखान्यांकडून थोडी थोडी साखर घेतली तर त्यातला एकही कारखाना या जाळ्यात येणार नाही. समजा एखादा आलाच, तरी तपासणी बऱ्याचदा कारखान्याच्या गेटच्या आत होते, बॉयलर, वजनकाटा, हजेरीपट बघितले जातात. ऊस तोडणारे गेटच्या आतल्या हजेरीपटावर नसतातच.

म्हणून मला वाटतं की साखर वापरणाऱ्या कुठल्याही कंपनीच्या ईएसजीची खरी परीक्षा तिच्या छतावरच्या सोलर पॅनेलवर घेऊ नये, ती इथे घ्यावी. काय करता येईल हे काही अवघड कोडं नाहीये. ऊसतोड संघटना आणि कार्यकर्ते वर्षानुवर्षं तेच सांगतायत. प्रत्येक कामगाराची, बाईची सुद्धा, स्वतंत्र नोंद आणि ओळखपत्र. मजुरी तिच्या स्वतःच्या खात्यावर. उचलीचा लेखी हिशोब. वस्तीवर पाणी, दिवा, संडास. पोरांच्या शाळेची सोय. पाळीत किंवा आजारपणात खाडा नाही. राज्य सरकारने गोपीनाथ मुंडे यांच्या नावाने कल्याण महामंडळ काढलंय, त्यासाठी कारखान्यांकडून टनामागे १० रुपये घ्यायचं ठरलं आणि तेवढेच सरकारने घालायचे, मुलांसाठी वसतिगृहांची योजना आली, २०२४ च्या सुरुवातीला तोडणीच्या दरात ३४ टक्के वाढ झाली. हे सगळं झालं ते संप आणि वाटाघाटी करून, कुठल्या रेटिंगमुळे नाही. पण मोठ्या खरेदीदाराने मनावर घेतलं तर वेग किती वाढेल याचा विचार करा. फक्त एक अट, कंपनीने सर्टिफिकेट पण मागायचं आणि साखर पण सगळ्यात स्वस्त मागायची असं चालणार नाही. संडासाचे, विम्याचे पैसे कुठूनतरी यावे लागतात, वरून आले नाहीत तर ते परत खालूनच कापले जातात. आणि हार्वेस्टर मशीन येतायत, ती आली की प्रश्न मिटेल असं म्हणणाऱ्यांनी उचल फेडत असलेल्या कुटुंबाने मग काय खायचं तेही सांगावं.

रेटिंगचा विषय निघालाच आहे तर थोडक्यात. ईएसजी रेटिंग देणाऱ्या संस्था आहेत, आपल्याकडे सेबीने २०२३ पासून त्यांना नियमाखाली आणलंय. पण एकाच कंपनीला एक संस्था उत्तम म्हणते आणि दुसरी मध्यम. एमआयटीच्या संशोधकांनी सहा संस्थांचे गुण ताडून बघितले तर त्यांच्यातला परस्परसंबंध सरासरी फक्त ०.५४ निघाला (पूर्ण एकमत असतं तर १ आला असता), म्हणजे एकमत जेमतेम. त्याहून महत्त्वाचं, यातली बरीच रेटिंग मोजतात ते पर्यावरण आणि समाजाच्या प्रश्नांमुळे कंपनीच्या नफ्याला किती धोका आहे ते. कंपनीमुळे लोकांना किती धोका आहे ही वेगळी गोष्ट, आणि आपण वाचताना दोन्ही एकच समजतो. जुने दाखले सांगायचे तर सत्यम या आयटी कंपनीला २००८ मध्ये उत्तम कारभारासाठी गोल्डन पीकॉक पुरस्कार मिळाला होता आणि जानेवारी २००९ मध्ये तिचा हिशोबातला घोटाळा बाहेर आला. फोक्सवॅगन सप्टेंबर २०१५ मध्ये एका नामांकित सस्टेनेबिलिटी इंडेक्समध्ये गाड्यांच्या कंपन्यांत पहिली होती आणि त्याच महिन्यात धुराच्या चाचणीतली फसवणूक उघड झाली. फंडवालेही यातून सुटलेले नाहीत, जर्मनीच्या डीडब्ल्यूएसला आपण ईएसजी किती पाळतो याबद्दल दिशाभूल केली म्हणून अमेरिकेत २०२३ मध्ये १.९ कोटी डॉलर दंड झाला. आपल्याकडे ऑक्टोबर २०२४ मध्ये ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ग्रीनवॉशिंगविरुद्ध मार्गदर्शक सूचना काढल्या, नुसतं इको-फ्रेंडली, ग्रीन असं लिहून चालणार नाही, पुरावा द्या, अशा.

मग रेटिंग बघायचंच नाही का? बघा, पण तिथे थांबू नका. तुमच्या फंडाची फॅक्टशीट काढा, त्यातल्या पहिल्या दहा कंपन्या बघा, त्यातली एखादी तुम्हाला माहीत असलेल्या धंद्यातली असेल ती निवडा. आयटीवाल्याने आयटीतली, शेतकऱ्याने खत-बियाण्याची, नर्सने हॉस्पिटलची, कारण तुम्हाला त्या धंद्यात पाणी कुठे मुरतं ते माहीत असतं आणि अहवालात ते लिहिलंय की नाही हे तुम्ही एका मिनिटात ओळखू शकता. तिचा बीआरएसआर उघडा आणि रिकामे रकाने शोधा. लागू नाही असं कुठे कुठे लिहिलंय ते बघा. भरलेल्या आकड्यांपेक्षा मला तरी तिथेच जास्त कळतं.

कंपनीचा एक शेअर जरी तुमच्या नावावर असेल तरी तुम्ही वार्षिक सभेत प्रश्न विचारू शकता. मार्चअखेर हिशोब बंद करणाऱ्या कंपन्यांच्या सभा ३० सप्टेंबरपर्यंत होतात, बऱ्याच आता ऑनलाइन असतात, नोटिशीमध्ये वक्ता म्हणून नाव नोंदवायची तारीख आणि कंपनी सेक्रेटरीचा ईमेल दिलेला असतो. शेअर नसेल, फक्त फंड असेल, तर तोच प्रश्न फंड हाऊसला लिहा, की तुम्ही या कंपनीला हे विचारलंय का. साखर वापरणाऱ्या कंपनीसाठी प्रश्न मराठीतच लिहून देतो, हवा तर तसाच पाठवा: मागच्या गाळप हंगामात तुम्ही महाराष्ट्रातल्या कोणकोणत्या कारखान्यांकडून साखर घेतली, त्यांच्यासाठी ऊस तोडणाऱ्या किती बायकांची मजुरी त्यांच्या स्वतःच्या बँक खात्यावर जमा झाली, आणि हे तपासायला तुमचा माणूस फडावर किती वेळा गेला?